बावीस डावे, एक उजवा

उमैमाला स्वतःचा सिनेमा फार आवडला होता, आणि सगळा घोळ तिथूनच सुरू झाला. स्वतःचं काम एवढं आवडलं की माणूस दुसऱ्याचं ऐकतो, पण कानापुरतंच. आत काही जाऊ देत नाही. उमैमाचं तसंच झालं होतं.

सिनेमा अठरा मिनिटांचा. त्यातलं मूळ चित्रीकरण मात्र फक्त दोन मिनिटं चाळीस सेकंदांचं, १९३४ सालच्या डिसेंबरातलं. खामगावात तेव्हा कापसातून सरकी वेगळी काढणारे कारखाने होते, त्यांना इथे आजही जिन म्हणतात. अशाच एका जिनाच्या इंग्रज मॅनेजरकडे बड्या दिवसाला, म्हणजे नाताळला, कुणी पाहुणा आला आणि त्यानं आपला नवा कॅमेरा चालवून पाहिला. बंगल्याच्या पायऱ्यांवर साहेब, त्याची मडम आणि आणखी दोन साहेब उभे. समोरून जिनातले तेवीस मजूर एकेक करून येतात, सलाम करतात आणि बाजूला होतात. रिळात एवढंच. ना आवाज, ना कुठं अक्षर. विलायतेतल्या एका संग्रहालयानं ते रीळ संगणकावर चढवून उमैमाला पाठवलं, आणि खामगावच्या एका शिंप्याची ही मुलगी, जी पुण्याला जाऊन सिनेमा शिकून आली होती, आठ महिने त्या एकशे साठ सेकंदांत घर करून राहिली.

पंधराव्या-सोळाव्या वेळी पाहताना तिला ते दिसलं होतं. माणसं डाव्या हातानं सलाम करत होती.

उमैमाच्या घरात डाव्या हातानं पाण्याचा पेला पुढे केला तर अब्बा तो घेत नसत. उगाच दुसरीकडे बघत बसत, हात बदलेपर्यंत. पैसे, जेवण, सलाम, सगळं उजव्यानं. डावा हात कशासाठी असतो ते लहान पोरालाही माहीत. आणि इथे बावीस माणसं साहेबाच्या तोंडासमोर उभी राहून डावा हात कपाळाला लावत होती, आणि साहेब हसत होता, कारण त्या बावळटाला त्यातलं काही कळत नव्हतं! उमैमा खुर्चीतून उठून खोलीभर फिरली होती. जिनातल्या मजुरांचं असं बंड कुठल्या पुस्तकात नव्हतं. ते तिला सापडलं होतं.

फक्त शेवटचा माणूस वेगळा होता. तेविसावा. अंगावर चादर, चादरीचं टोक दातांत धरलेलं, आणि सलाम उजव्या हाताचा. साहेब तेव्हा मडमेशी बोलत होता, त्याचं लक्षच नव्हतं. तो माणूस हात कपाळाला लावून उभा राहतो, उभाच राहतो, आणि रीळ संपतं. उमैमानं त्याला सोडलं नाही. त्याचं तोंड पडदाभर मोठं केलं आणि त्यावर आपल्या आवाजात वाक्य टाकलं: ‘बावीस डावे, एक उजवा. त्या एकाचं नाव इतिहासानं ठेवलं नाही, बरंच केलं.’ त्या वाक्यावर तिचा फार जीव होता.

सिनेमाचं नाव ‘डावा सलाम’. परदेशातल्या एका महोत्सवानं तो निवडलाही. शेवटची पक्की प्रत शनिवारी संध्याकाळी पाचपर्यंत पाठवायची होती. त्याआधी, गेल्या रविवारी, उमैमानं तो आपल्या गावात दाखवला. गावाला आपल्या पणजोबांचा पराक्रम कळावा ही इच्छा होती, आणि थोडी शाबासकीही हवी होती, ती काही लपवण्यात अर्थ नाही.

शाबासकी भरपूर मिळाली. माणसं जागेवरून टाळ्या वाजवत होती. पण तेविसाव्या माणसाचं तोंड पडद्यावर आलं, उमैमाचं ते वाक्य झालं आणि तिसऱ्या रांगेतून एक म्हातारी उठून उभी राहिली.

“हा माहा बा होय!” ती ओरडली. “अवं, हा माहा बा! चादर दातात धरे तो!”

सगळं सभागृह हसलं. कुणीतरी म्हणालं, “आजी, खाली बस वं. तो साहेबाचा चमचा होय.”

म्हातारी बसली नाही. दिवे लागल्यावर ती उमैमाकडे आली. गोजरबाई नाव, माहेर खामगावचं, सासर लोणार तालुक्यातल्या सुलतानपूरचं. जुन्या जिनाचा सिनेमा दाखवणार आहेत असं नातवानं मोबाइलमध्ये वाचून सांगितलं, म्हणून दोन गाड्या बदलून एकटी आली होती. वय सत्त्याहत्तर. बापाचा एकही फोटो नाही.

“चेहरा त्याचाच हाये,” ती म्हणाली. “पण एक समजून नाही राह्यलं, पोरी. माह्या बाले उजवा हात नव्हता. जिनात गेला होता, कोपरापासून. सारे त्याले थोट्याच म्हणत.”

इथे उमैमाला काय वाटलं असेल? हायसं वाटलं. खरोखर हायसं वाटलं, आणि पुढं आठवडाभर तिला त्याचीच लाज वाटत राहिली. “मग आजी, हे तुमचे वडील नाहीत,” ती गोड आवाजात म्हणाली. “यांना उजवा हात आहे, पाहिलंत ना? हे दुसरे कुणीतरी.”

गोजरबाईनं पांढऱ्या पडद्याकडे एकदा पाहिलं. “हाव. मंग दुसरा असन,” म्हणाली, आणि पिशवी काखोटीला मारून बस स्टँडकडे निघून गेली.

सोमवारपासून उमैमाचं कशात लक्ष लागेना. जेवायला बसली की उठायची, उठली की परत काय करायला उठले ते विसरायची. दोन हात असलेला माणूस चादर दातांत कशाला धरेल? हा प्रश्न तिला चावत होता. आपल्या सिनेमात तिनं त्याचं उत्तरही देऊन टाकलं होतं: ‘तो भीतीनं तोंड झाकतो आहे.’ आता ते उत्तर ऐकलं की ती घराबाहेर पडायची. ती जुन्या कापूस बाजाराकडून जलंबच्या रस्त्यापर्यंत चालत जायची आणि तशीच परत यायची. सौमित्रचे पुण्याहून फोन येत होते. सौमित्र तिच्याबरोबर शिकलेला, सिनेमाचा आवाज त्यानं केला होता आणि प्रत पाठवायचं कामही त्याच्याकडे होतं.

“तू अजून फाईल पाठवली नाहीस,” तो म्हणाला. “शेवट अजून खटकतोय का तुला? मी तर मागेच म्हटलं होतं, तो शेवटचा शॉट उलटा चालव. मजा येईल.”

“उलटा चालवणं पहिल्या वर्षाची पोरं करतात,” उमैमा फणकारली. हे तिचं जुनं मत होतं.

गुरुवारी सकाळी ती लॅपटॉप घेऊन अब्बांच्या दुकानात जाऊन बसली. घरात बसवत नव्हतं, दुसरं कारण नाही. रज्जाक टेलर चाळीस वर्षं कोट शिवत आलेले. घरी ते हिंदी बोलत, पण मशीनवर बसले की गिऱ्हाइकांची वऱ्हाडीच तोंडात यायची, मग समोर मुलगी का असेना. रविवारी लग्नाचे सूट द्यायचे होते म्हणून ते सिनेमाला आले नव्हते. एरवीही आले असते की नाही, शंकाच आहे. मुलगी सिनेमा करते हे ते लोकांना सांगायचे ‘कम्प्युटरचं काम हाय तिचं’ असं.

“दाखव तं,” दोरा ओवता ओवता ते म्हणाले. “सारा गाव पाहून आला, बाप राह्यला.”

उमैमानं मूळ रीळ लावलं. सलाम सुरू झाले. अब्बांनी चष्मा वर केला, लॅपटॉप जवळ ओढला आणि मजुरांकडे पाहिलंच नाही. त्यांची नजर पायऱ्यांवरच्या साहेबांवर खिळली.

“थांबव.”

तिनं थांबवलं.

“या साहेबाचा खिसा उजव्या छातीवर काऊन?”

“म्हणजे?”

“कोटाचा वरचा खिसा डाव्या छातीवर राह्यते, बेटा. जगात कुठंबी जाय. आन् बटणाजवळचा पल्ला पाह्य. मर्दाच्या कोटाचा डावा पल्ला वर येते. याचा उजवा वर हाय. हा तं लेडीज कोट झाला.”

उमैमानं वाकून पाहिलं, खरंच उजवा पल्ला वर होता. पण ती हार मानणारी नव्हती, आणि शिंप्याच्या घरात वाढली होती. “कोट पलटवलेला असेल, अब्बा. तुम्हीच सांगायचात ना, पूर्वी कापड विटलं की कोट उसवून आतली बाजू बाहेर करून शिवायचे? मग खिसा उजवीकडे जातो.”

“हाव, जाते,” अब्बा खूश झाले. पोरीच्या ध्यानात होतं तर. “माह्या अब्बानं असे लई कोट पलटवले. पण तिन्ही साहेबांचे पलटवलेले? एवढे गरीब होते का साहेब लोक?” त्यांनी बोट मडमेवर ठेवलं. “आन् या बाईचा पाह्य. हिचा डावा पल्ला वर. बाईनं मर्दाचा कोट घातला, मर्दानं बाईचा. बड्या दिवशी घरात भांडण झालं काय बे?”

दुकानात कापडाला बटणं लावत बसलेला कारागीर खदाखदा हसला. उमैमाला हसू आलं नाही. आठ महिने तिनं त्या चौकटी मोठ्या केल्या होत्या, हळू केल्या होत्या, चित्राचा दाणा न् दाणा पाहिला होता, आणि साहेबाकडे एकदाही नीट पाहिलं नव्हतं. साहेबाचं काय पाहायचं, असं तिला वाटत होतं.

“हे कापड उलट्या बाजूनं दिसून राह्यलं,” अब्बा म्हणाले आणि परत मशीनवर वाकले. “सुलटं कर.”

रीळ म्हणजे पारदर्शक पट्टी. संग्रहालयात ती संगणकावर चढवताना उलट्या बाजूनं लागली होती, आरशात दिसावं तसं डाव्याचं उजवं झालं होतं. सुलटं करायला एक बटण पुरेसं होतं. उमैमानं ते दाबलं नाही. लॅपटॉप मिटून ती दुकानाबाहेर आली आणि रस्त्याच्या कडेला नुसतीच उभी राहिली. तिनं सौमित्रला फोन लावला.

त्यानं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाला, “कुणाला कळणारे? खुद्द संग्रहालयाला कळलं नाही.”

“अब्बांना कळलं.”

“तुझे अब्बा महोत्सवाला येणार नाहीत. हे बघ, आपण काही कोर्टात पुरावा देत नाही. प्रयोग आहे हा. साहेबानं जे दाखवलं ते आपण उलटवून दाखवतोय. उलटवलेलं आहे म्हणूनच तर भारी आहे!”

ते इतकं चतुर होतं की उमैमाला अर्धं पटलं. अर्धं नाही, बरंचसं. तिला तो सिनेमा हवा होता. त्या बावीस माणसांवर तिचा जीव जडला होता, त्यांना नावं नसली तरी ती त्यांना चेहऱ्यांनी ओळखत होती, एकाला मिशाळ, एकाला उंच्या असं म्हणत होती. हात बदलला की त्यांचं बंड गेलं. उरणार काय, तर साहेबापुढे वाकणारे तेवीस गरीब. मग साहेबाच्या पाहुण्यानं जे दाखवलं तेच खरं म्हणायचं?

दुपारी जेवण पुढ्यात तसंच ठेवून तिनं बटण दाबलं.

बावीस उजवे हात कपाळाला गेले. साधे, रोजचे, सवयीचे. उमैमाला रडू आलं, आणि तिनं ते आवरलं नाही. मग तेविसावा आला. त्यानं चादरीचं टोक दातांत पकडलं आणि डावा हात वर केला. तिनं चौकट थांबवून मोठी केली. त्याच्या उजव्या बाजूला, खांद्याखाली, चादर सरळ खाली लोंबत होती. कोपर जिथे यायला हवं तिथं काहीच नव्हतं. हात एकच, तो सलामाला लागला, म्हणून चादर दातांत.

गोजरबाईनं बरोबर ओळखलं होतं. दोन गाड्या बदलून ती बापाला भेटायला आली होती, आणि उमैमानं तिला तो आपला नाही म्हणून परत पाठवलं होतं.

शुक्रवारी सुलतानपूरला जाता येईना. मेहकरकडच्या गाड्या भरून येत होत्या आणि उमैमा दोनदा स्टँडवरून परतली. खरं सांगायचं तर दोन्ही वेळा गाडीत उभं राहायला जागा होती. तिचेच पाय वळले. शनिवारी सकाळी मात्र ती चिखलीच्या गाडीत चढली. वाटेत चारदा लॅपटॉप उघडून पाहिला, चारदा मिटला. आधी काय सांगायचं याची जुळवाजुळव करत होती, ती मेहकरला काळीपिवळी जीपमध्ये बसेपर्यंत सगळी विस्कटून गेली.

गोजरबाई अंगणात तुरीच्या शेंगा सोलत होती. तिनं उमैमाला ओळखलं आणि पाणी दिलं.

“आजी, माझं चुकलं,” उमैमा म्हणाली. जुळवलेल्यातलं एकही वाक्य आठवलं नाही. “सिनेमा उलटा लागला होता. डावं उजवीकडे दिसत होतं. तो माणूस डाव्या हातानं सलाम करतोय. ते तुमचेच वडील आहेत.”

गोजरबाईचे हात थांबले. “मी तं सांगतलंच होतं,” ती म्हणाली. आवाज चढला नाही, पण उमैमाला तो लागायचा तिथं लागला. “सांगतलं होतं का नाही?”

“सांगितलं होतं.”

“लोकायनं चमचा म्हटलं त्याले. माह्या तोंडावर.”

“ते आधी मी म्हटलं. लोक नंतर म्हणाले.”

म्हातारीनं शेंगांचं सूप बाजूला सारलं, हात पदराला पुसले. “दाखव.”

उमैमानं लॅपटॉप बाजेवर ठेवला. गोजरबाईचा बाप, भाऊराव, पडद्यावर आला, तेवीस-चोवीस वर्षांचा, गोजरबाईच्या नातवाएवढा. चादर दातांत धरली, हात कपाळाला लावला, उभा राहिला. साहेब मडमेशी बोलत होता. रीळ संपलं.

“अजून लाव.”

पाच वेळा लावलं. सहाव्या वेळेला गोजरबाई बोलू लागली. हात गेल्यावर जिनात दुसरं कोणतंच काम जमेना, तेव्हा साहेबानं त्याला फाटकावर बसवलं. मोठा उपकार केला असं सारे म्हणत. साहेब दिसला की सलाम, आणि साहेबाची नजर पडेस्तोवर हात खाली घ्यायचा नाही, असा फाटकाचा कायदा. “साहेब गेले, जिन बंद पडलं,” ती म्हणाली, “पण मोटार दिसली का माह्या बाचा हात वर जाये. यष्टी असो का लग्नाची गाडी असो. आमी पोट्टे हासो त्याले. मी बी हासो.” मग म्हणाली, “मराच्या दिवशी बी बाहेर ट्रक वाजला तं हात उचलला त्यानं.”

पडद्यावर भाऊराव तसाच उभा होता, शेवटच्या चौकटीत थांबलेला, हात कपाळाला.

“यानं पाह्यलंच नाही त्याच्याकडं,” गोजरबाई साहेबाकडे बोट करून म्हणाली. “तवापासून हात वरच हाये त्याचा. पोरी, त्याले म्हण ना, हात खाली घे आता.”

उमैमानं लॅपटॉप मांडीवर घेतला. तेवढा एक तुकडा कापून वेगळा केला, उलट्या दिशेनं चालवायला लावला, वेग निम्मा केला, आणि लॅपटॉप पुन्हा बाजेवर ठेवला.

भाऊरावचा हात कपाळावरून निघाला. हळूहळू खाली आला. दातांतून चादर सुटली, ती त्या हातानं धरली आणि छातीशी घेतली. मग तो एकेक पाऊल मागे घेत निघाला. बंगल्याच्या पायऱ्या लांब राहिल्या, साहेब लांब राहिला, मडम राहिली. मागं फाटक होतं, फाटकाबाहेर रस्ता.

“उलटा काऊन चालून राह्यला?” गोजरबाईनं विचारलं.

“मी फिरवलंय, आजी. खरं असं झालं नव्हतं.”

“नसन झालं.” तिनं डोळे पदरानं पुसले नाहीत, वाहू दिले. “जाऊ दे त्याले. घरी चालला माहा बा.”

पाच वाजायला आले होते, प्रत अजून गेली नव्हती. सौमित्रचा फोन वाजला, थांबला, पुन्हा वाजला. उमैमानं तो बाजेवर पालथा ठेवला आणि विचारलं, “अजून लावू?”

“हाव, लाव,” गोजरबाई म्हणाली आणि तिला जवळ सरकून बसायला जागा करून दिली.